आधी ओरडा, मग चालवा

खिशातला मोबाइल इथेच ठेवून या. तिकडे त्याला रेंज नसेल हे एक. दुसरं म्हणजे, आपण ज्यांच्याकडे चाललो आहोत ती माणसं तो पाच मिनिटांत उघडून टेबलावर पसरतील आणि मग तुमची सुटका नाही. अंगात स्वेटर असू द्या. न्यू जर्सीत १९७१ चा ऑक्टोबर आहे, झाडं तांबडी व्हायला लागली आहेत आणि सकाळची हवा कानाला झोंबते. आत गेल्यावर मात्र स्वेटर काढून कमरेला बांधावा लागेल.

हे मरे हिल. बेल लॅब्जच्या दारातून आत शिरलात की समोर कॉरिडॉर लागतो. तो इतका लांब आहे की पलीकडच्या टोकाचा माणूस येतोय की जातोय, हे कळायला जरा थांबावं लागतं. दोन्ही बाजूंच्या दारांआड टेलिफोनच्या बिलांतून आलेल्या पैशावर संशोधन चालू आहे. ट्रान्झिस्टर याच आवारात जन्माला आला. पण तिकडे रेंगाळू नका, जिना चढा. पाच मजले संपले की सहावा येतो, आणि तो मजला कमी, माळा जास्त. डोक्यावरून पाइप गेलेत, उजेड बेताचा आहे. भिंतीपलीकडून खडखडाट ऐकू येतोय ना? तोच माग धरून चला.

दार ढकललंत की आधी गरम हवेचा झोत तोंडावर येतो. मग वास येतो तापलेल्या मशीन ऑइलचा, शाईच्या रिबिनीचा, कागदाच्या धुळीचा आणि कुणीतरी सकाळी विसरलेल्या कॉफीचा. आवाजाचे दोन थर आहेत. खालचा थर पंख्यांचा आणि डिस्कचा, एकसुरी घुमणारा, दहा मिनिटांत ऐकू यायचा बंद होणारा. वरचा थर टेलिटाइपांचा, आणि तो काही केल्या कानाआड होत नाही. स्क्रीन शोधू नका, ती इथे नाही. जे काही बोलायचं ते कागदाच्या रोलवर. तुम्ही टाइप केलेलंही तिथेच छापलं जातं आणि यंत्राचं उत्तरही तिथेच, एका सेकंदाला दहा अक्षरं या चालीने. डोळे कागदावर ठेवून पुढच्या अक्षराची वाट बघत बसायची सवय करा. एक ओळ पुरी व्हायला सात-आठ सेकंद लागतात, तेवढ्यात माणूस नाक शिंकरून घेतो.

कोपऱ्यातलं ते उंच कपाट म्हणजे पीडीपी-११ हा संगणक. पुढच्या पट्टीवर स्विचांची रांग आणि लुकलुकणारे दिवे. पासष्ट हजार डॉलरचा प्रस्ताव मंजूर करून घेऊन हे यंत्र मिळवलं गेलं. गेल्या वर्षी उन्हाळ्याच्या अखेरीस ते आलं तेव्हा त्याची डिस्कच आली नव्हती, ती थेट डिसेंबरात उगवली. तोवर बिचारं काय करत होतं म्हणता? सहा बाय आठच्या बुद्धिबळाच्या पटावर घोडा प्रत्येक घराला एकदाच शिवून परत निघाल्या घरी किती तऱ्हांनी येऊ शकतो, ते मोजत तीन महिने कोपऱ्यात बसलं होतं. रिकामं यंत्र या लोकांना बघवत नाही.

आता याची ऐपत ऐका. मेमरी चोवीस हजार बाइट. हे यंत्र चालवणाऱ्या व्यवस्थेचं नाव युनिक्स. त्यातले सोळा हजार तिच्या कर्नलने, म्हणजे गाभ्याने, आपल्याकडे ठेवले आहेत, उरलेल्या आठ हजारांत तुम्ही आणि तुमचा प्रोग्राम. डिस्क अर्ध्या मेगाबाइटची. तुम्ही घरी ठेवून आलात त्या मोबाइलमधला नातवाचा एक फोटो इथे उतरवायचा म्हटला तर अशा सात-आठ डिस्क लागतील. आणि या एका डिस्कवर सगळ्या खोलीचा संसार आहे.

माणसांकडे जरा बघून घ्या. दाढीवाला, खुर्चीत रेललेला तो केन थॉम्प्सन. किडकिडीत, शांत, दुपारशिवाय सहसा न उगवणारा तो डेनिस रिची. दोन वर्षांपूर्वी याच दोघांनी रड कॅनडे या तिसऱ्या सहकाऱ्याबरोबर फळ्यावर खडूने एका फाइल सिस्टिमची आखणी केली. पुढे बायको तान्ह्या बाळाला घेऊन सासरी कॅलिफोर्नियाला गेली तेव्हा थॉम्प्सनने महिन्याभरात एका अडगळीतल्या, जुन्या पीडीपी-७ वर चालणारी व्यवस्था, म्हणजे युनिक्सचं पहिलं रूप, उभी केली: एक आठवडा कर्नलला, एक आज्ञा वाचणाऱ्या शेलला, एक एडिटरला, एक असेम्बलरला. ही गोष्ट संगणकवाल्यांच्या मैफलीत इतक्यांदा सांगितली जाते की त्या आजी-आजोबांच्या घरी बाळाने काय गोंधळ घातला असेल, हे कुणीच विचारत नाही.

पण या यंत्राचं गिऱ्हाईक वेगळंच आहे. पेटंट विभागाला त्यांचे अर्ज टाइप करून, दुरुस्त करून, नीट मांडून हवे आहेत. इथल्या लोकांनी म्हटलं, आम्ही करून देतो. मॉडेल ३७ या टेलिटाइपवर गणिताची बरीचशी चिन्हं छापता येतात आणि युनिक्सला ते मॉडेल चालवता येतं, ही गोष्ट कामी आली. त्यामुळे तीन टायपिस्ट दिवसभर याच यंत्रावर पेटंटचे अर्ज बडवत असतात, आणि त्याच यंत्रावर, त्याच वेळी, ही मंडळी त्या यंत्राचं काळीज उघडून दुरुस्त्या करत असतात. चालत्या बसखाली शिरून गिअर बदलण्याचा हा प्रकार कुणाच्या डोक्यातून निघाला कोण जाणे, पण चालू आहे.

बसा. त्या मोकळ्या मॉडेल ३३ समोर. कळ दाबून बघा. अंहं, अशी नाही. बोटाचं पूर्ण पेर आत गेलं पाहिजे. पाच ओळी टाइप केल्यात की मनगट बोलू लागेल, आणि इथल्या आज्ञा एवढ्या तुटक का आहेत ते कुणी न सांगता कळेल. यादी बघायची तर एल-एस. नक्कल करायची तर सी-पी. पुसायचं तर आर-एम. एडिटरचं नाव ई-डी, आणि तुमचं काही चुकलं तर तो नुसतं एक प्रश्नचिन्ह छापतो. काय चुकलं ते तुमचं तुम्ही बघा. एक डिरेक्टरी सोडून दुसरीत जायला मात्र अजून सी-एच-डी-आय-आर अशी पाच अक्षरं बडवावी लागतात. तिथे यांना आळस कसा सुचला नाही याचं मला नवल वाटतं.

एल-एस टाइप करा आणि ओळ संपवायची कळ दाबा. क्षणभर काहीच होत नाही. घाबरू नका, याच क्षणात बरंच काही होतंय. तुमचा प्रोग्राम डिस्कला हात लावत नाही, टेलिटाइपला लावत नाही, कशालाच लावत नाही. त्याला काही हवं असेल तर तो कर्नलच्या दारात उभा राहतो: अमुक उघडून दे, इतके बाइट वाचून दे, तेवढे लिहून घे. कर्नल त्याला एक लहानसा आकडा देतो आणि पुढचा सगळा व्यवहार त्या आकड्यावर चालतो. आठ हजार बाइटांच्या त्या खोलीत एका वेळी एकच प्रोग्राम मावतो. म्हणून शेजारच्याची पाळी आली की तुमचा प्रोग्राम आहे तसा उचलून डिस्कवर ठेवला जातो आणि त्याचा आत आणला जातो. तुम्ही विचार करत बसलात की तुम्ही बाहेर. कळ दाबलीत की पुन्हा रांगेत. तुमच्या कागदावरचा थबकलेला क्षण म्हणजे दुसऱ्या कुणाचं तरी पेटंट.

आणि गंमत म्हणजे फाइल कुठली आणि यंत्र कुठलं, हा भेदच इथे पुसून टाकलाय. टेलिटाइपलाही डिरेक्टरीत एक नाव आहे, कागदी टेपला भोकं पाडणाऱ्या यंत्रालाही आहे. तुमची एखादी फाइल त्या नावावर नुसती कॉपी करून बघा. भिंतीकडचं यंत्र एकदम जागं होतं, टेप सळसळत बाहेर येते आणि भोकांतून पडलेले कागदाचे कण तुमच्या बाहीवर चिकटतात. ते झटकू नका, निघत नाहीत.

आता यादी आली. चार-पाच नावं. या नावांकडे तुम्ही ज्या विश्वासाने बघताय तो थोडा कमी करा. फाइलीत तिचं नाव नसतंच.

गावाकडची जमीन आठवा. लोक म्हणतात ‘चिंचेखालची पट्टी’, ‘विहिरीकडचं वावर’. तलाठ्याच्या दप्तरात असलं काही नसतं. तिथे गट नंबर असतो, आणि त्या नंबराचा सातबारा: मालक कोण, क्षेत्र किती, कुणाला हक्क, फेरफार कधी. युनिक्सच्या डिस्कवर अगदी हाच कारभार आहे. प्रत्येक फाइलीला एक नंबर, आणि त्या नंबराचा बत्तीस बाइटांचा उतारा, त्याला इथे आय-नोड म्हणतात. त्यात मालक आहे, लांबी आहे, वाचायची-लिहायची परवानगी आहे, तारखा आहेत, आणि मजकूर डिस्कच्या कुठल्या कुठल्या तुकड्यांत पडलाय त्याचे आठ पत्ते आहेत. तुकडा पाचशे बारा बाइटांचा. फाइल आठ तुकड्यांत मावली तर पत्ते सरळ. नाही मावली, आणि पेटंटचा अर्ज मावत नाहीच, तर तेच आठ पत्ते अशा तुकड्यांकडे बोट दाखवतात ज्यांत पुढचे पत्ते लिहिलेले असतात. नाव तेवढं कुठेच नाही.

ते राहतं डिरेक्टरीत, आणि डिरेक्टरी ही सुद्धा एक फाइलच. तिच्यातली एक नोंद दहा बाइटांची: दोन नंबराला, आठ नावाला. म्हणून आठ अक्षरांपलीकडचं नाव ठेवायची इथे सोय नाही, तुमचं नाव पुरुषोत्तम असेल तर ते आधीच कापून आणा. एकाच नंबराला दोन डिरेक्टऱ्यांत दोन वेगळी नावं देता येतात, आणि त्यातलं खरं कुठलं असं विचारलंत तर लोक तुमच्याकडे विचित्र नजरेने बघतील. दोन्ही खरी.

तुम्ही जो एल-एस मागवलात तो कसा सापडला, ते बघायचंय? कर्नल एक्केचाळीस नंबरापासून निघतो. पहिले चाळीस नंबर टेलिटाइप, डिस्क, कागदी टेप अशा यंत्रांसाठी राखून ठेवलेत, त्यामुळे सगळ्याचं मूळ असलेल्या डिरेक्टरीच्या वाट्याला एक्केचाळीस आला. तिचा उतारा काढायचा, तुकडे वाचायचे, दहा-दहा बाइट पुढे सरकत ‘बिन’ हे नाव शोधायचं. सापडलं की त्याचा नंबर. त्या नंबराचा उतारा, त्याचे तुकडे, त्यात ‘एल-एस’ हे नाव, त्याचा नंबर, त्याचा उतारा. मग कुठे प्रोग्राम हाती लागतो. इतकी पायपीट दर वेळी. आणि डिस्कवर हे तुकडे कुठेही विखुरलेले असतात. पण कान देऊन ऐका, डिस्कमधून टकटक येत नाही. तिच्या प्रत्येक वर्तुळावर वाचणारं एक डोकं कायमचं बसवलेलं आहे, कुणी इकडून तिकडे धावतच नाही. सपाट्याने फिरत्या चकतीवर योग्य तुकडा खाली यायची वाट बघायची, एवढंच.

पुसणं तर याहून मजेशीर. आर-एम म्हणजे फाइल खोडणं नव्हे, डिरेक्टरीतून एक नाव काढणं. शेवटचं नाव गेलं आणि कुणी ती फाइल उघडून बसलेलं नसेल, तरच कर्नल तिचे तुकडे मोकळे झाल्याची खूण करतो. आणि नाव काढणं म्हणजे तरी काय, नंबराच्या जागी शून्य लिहिणं. नावाची आठ अक्षरं तशीच पडून राहतात. डिरेक्टरीचे कच्चे आकडे छापून बघितलेत तर काढून टाकलेल्या फाइलींची नावं शून्यामागे उभी दिसतील. मागच्या आठवड्यात कुणी काय काय लपवलं, याची चौकशी करायला याहून चांगली जागा नाही.

पण तुम्ही या खोलीत आलात ते याच्यासाठी नाही. पुढच्या खुर्चीवरच्या त्या माणसाकडे बघा. त्याने असेम्बलर चालवून नवा प्रोग्राम बनवला आहे. बनलेल्या प्रोग्रामला असेम्बलर ठरलेलं एक नाव देतो, ए डॉट आउट. तो ताठ बसतो, मान वळवतो, आणि खोलीभर ऐकू जाईल असा ओरडतो: “ए डॉट आउट?”

बघा काय होतं ते. बोलणं बंद. जो तो आपल्या टेलिटाइपवर तुटून पडतो. एडिटरमध्ये बसलेले सगळे डब्ल्यू दाबतात, म्हणजे हातातलं काम डिस्कवर उतरव. चार यंत्रं एकदम खडखडायला लागतात, प्रत्येक कागदावर लिहिलेल्या अक्षरांची संख्या उमटते. कुणीतरी “थांब, थांब” म्हणतं. मागून एकजण कॉफीचा कप हातात घेऊन धावत येतो आणि उभ्या उभ्या एका बोटाने आपली कळ दाबतो. मग “चालव.”

कारण असं की या पीडीपी-११ मध्ये मेमरीला कुंपणच नाही. कर्नलचे सोळा हजार बाइट आणि तुमचे आठ हजार यांच्यामध्ये यंत्राने घातलेली भिंत नाही. चांगल्या घरचा प्रोग्राम दारात उभा राहून मागतो, बरोबर. पण बावळट प्रोग्रामचा एक पत्ता चुकला तर तो थेट कर्नलच्या अंगावर लिहितो. कर्नल पडला की सगळेच पडले. त्यामुळे कर्नलचं रक्षण करायचं काम यंत्राऐवजी घशावर येऊन पडलं आहे. रिचीने पुढे लिहून ठेवलंय की इथे नवा प्रोग्राम तपासायला काळजी आणि धाडस दोन्ही लागायचं. आजच्या यंत्रांत ही भिंत प्रोसेसरच घालतो आणि आपण कुणाला न विचारता वाटेल ते चालवतो. शेजारी कोण बसलंय हे ठाऊक असायची गरजच उरली नाही.

चालला का? नाही. पट्टीवरचे दिवे एका जागी गोठलेत. टेलिटाइप गप्प. पहिल्यांदाच तुम्हाला फक्त पंख्यांचा आवाज ऐकू येतो, आणि त्यापाठोपाठ कुणीतरी मोठ्याने घेतलेला श्वास. ओरडणं ज्याच्या कानापर्यंत पोचलं नाही त्याचा तासाभराचा मजकूर गेला. शिव्या मात्र फार नाहीत, कारण उद्या आपली पाळी. ज्याने पाडलं तो उठतो, पुढच्या पट्टीवरचे स्विच वरखाली करून पत्ता भरतो आणि यंत्र पुन्हा सुरू करतो. मग तपासणीचा प्रोग्राम चालवायचा. तो सगळे उतारे चाळून बघतो: एकाच तुकड्यावर दोन फाइलींचा दावा लागलाय का, कुणाच्याच नावावर नसलेला तुकडा मोकळ्यांच्या यादीतून गळालाय का. एकाच तुकड्यावर दोन मालक सापडले तर काय करायचं हे यंत्राला कळत नाही. ते माणसांनी बसून मिटवायचं.

स्वेटर काढलात ना? घाम पुसा, कारण आता दुसरी आरोळी येणार आहे. डिस्क भरली.

ही तर रोजचीच. टायपिस्टांचं काम दोन-चार तास झालं की अर्ध्या मेगाबाइटात जागा उरत नाही. मोकळे तुकडे किती ते डी-एफ विचारून बघा. छापून आलेला आकडा वाचून खोलीत सगळे एकमेकांकडे संशयाने बघायला लागतात. मग मांडणीवरचे डेकटेपचे चपटे, तळहाताएवढे रोल निघतात. सध्या नको असलेल्या फाइली त्यांच्यावर उतरवायच्या, डिस्कवरून त्यांची नावं काढायची. हा रोल यंत्राच्या खुंटीवर चढवून द्या बरं. टेप ओढून दुसऱ्या रोलवर दोन-तीन वेढे घाला. सोपं आहे, बोटाला थोडा चिकटपणा जाणवेल. रोल इकडून तिकडे झरझर फिरतो, थांबतो, उलटा फिरतो. एका रोलवर जवळपास तीन लाख बाइट मावतात, म्हणजे अर्ध्याहून अधिक डिस्क तुमच्या कोटाच्या खिशात. लेबलावर पेन्सिलीनेच लिहा, कारण उद्या पुसून दुसरं काही लिहायचंय.

जाता जाता त्या मॉडेल ३७ मधून निघणारी पानं वाचा. युनिक्सची पहिली माहितीपुस्तिका आहे, तिच्यावर ३ नोव्हेंबर १९७१ ही तारीख पडायची आहे. प्रत्येक आज्ञेला एक पान: ती काय करते, कशी वापरायची, आणि शेवटाकडे ‘बग्ज’ असं शीर्षक देऊन तिच्यात काय बिघडलेलं आहे ते. आपल्या मालातले दोष छापून गिऱ्हाइकाच्या हातात देणारी माहितीपुस्तिका मी तरी क्वचितच बघितली आहे. आपल्याकडच्या मिक्सरबरोबर अशी एक यायला हवी.

परत निघायचंय? मग यंत्राला वेळ विचारून घ्या. हे घड्याळ १९७१ च्या पहिल्या दिवसापासून सेकंदाचे साठावे भाग मोजतंय, आणि मोजणीला बत्तीस बिट दिलेत. ते सव्वादोन वर्षांत भरून जातात. भरत आले की मोजणीची सुरुवातच पुढे सरकवायची, असा इथला बेत. पुढे तो गुंडाळून सेकंदांत मोजायचं ठरेल, आणि सुरुवात १९७० ला जाऊन बसेल. पण आज तरी या यंत्राला १९७३ च्या पलीकडची तारीख माहीत नाही. तुम्ही कुठून आलात असं कुणी विचारलं तर “जवळूनच” म्हणा.